किंग ऑफ फायटर्स १५ : तिघांचा क्रम कसा लावू? इओरी शेवटी ठेवतो आणि हरतो

नमस्कार मंडळी,

शाळेत असताना एसटी स्टँडजवळच्या पार्लरमध्ये नाणी टाकून याच मारामारीच्या व्हिडिओ गेमचा ९७ हा भाग भरपूर खेळलोय. यात तीन गड्यांची टीम, एक हरला की पुढचा उतरतो. तेव्हा क्रमाबिमाचा विचार कोणी करत नसे, जो लाडका तो आधी. आता २०२२ साली आलेला १५वा भाग घेतलाय आणि दर रविवारी चुलतभावासोबत ऑनलाइन बसतो. तीन आठवड्यांत दोनदाच जिंकलो. मनाला फार लागलंय, म्हणून विचारतो.

माझी टीम टेरी, क्यो, इओरी, याच क्रमाने. इओरी सगळ्यात आवडता, म्हणून शेवटी राखून ठेवतो. होतं असं की टेरी लांबून पॉवर वेव्ह (जमिनीवरून सरकत जाणारी लाट) सोडतो, भाऊ त्यावरून छोटी उडी मारून थेट अंगावर येतो. मी गडबडतो आणि जमलेला बार (मोठ्या हल्ल्यांसाठी साठणारी ताकद) पॉवर गीझर या मोठ्या हल्ल्यात घालवतो, तोही तो ब्लॉक करतो. पुढे क्योचंही तेच. पहिल्या गड्याला तीनच बार साठवता येतात, दुसऱ्याला चार, तिसऱ्याला पाच. म्हणजे पाच बारची जागा ज्याला दिली, तोच रिकाम्या हाताने उतरतो.

सराव रोज अर्धा तास करतो. उभ्या डमीवर (सरावाच्या नुसत्या उभ्या गड्यावर) कॉम्बो, म्हणजे सलग जोडलेले फटके, व्यवस्थित बसतात, मॅचमध्ये एकही निघत नाही. सगळ्यात जास्त अडतं ते छोट्या उडीवर. वरची दिशा नुसती टिचकी मारल्यासारखी दाबून सोडायची असते, पण माझा अंगठा तिथेच रेंगाळतो, पूर्ण उडी निघते आणि हवेतल्या इओरीला भाऊ खालून आरामात टिपतो.

तर इओरीला पुढे आणू का? मग शेवटी कोण? आणि हा अंगठा कसा सुधारू?

प्रतिसाद १

इओरी बिनधास्त पहिला आणा. त्याला बारची गरजच कमी. समोरच्याच्या डोक्यावरून पलीकडे उडी मारताना मागची दिशा आणि बी (हलक्या लाथेचं बटण) दाबून युरी ओरी ही लाथ, ती अडवायला समोरचा ब्लॉक धरून राहिला की जवळ जाऊन कुझुकाझेची पकड. दोन्हीला बार लागत नाही. तो मारत राहतो तसा बार भरत जातो, आणि तो हरला तरी भरलेला बार पुढच्याला मिळतो. क्यो शेवटी ठेवा, हाताशी बार असला की त्याचे कॉम्बो खूप लांबतात. टेरी मध्ये.

डमी उभी ठेवून सराव करू नका. तिच्याकडून छोटी उडी मारून हल्ला रेकॉर्ड करून घ्या आणि तो उभ्याने चटकन लागणाऱ्या हलक्या लाथेने तोडायला शिका. तुमच्या भावाचं निम्मं बळ तिथेच जाईल. अंगठ्यासाठी आठवडाभर कॉम्बो बंद. नुसत्या उड्या मारा, डावीकडून पन्नास, उजवीकडून पन्नास.

धागाकर्ता

खूप आभार! काल रात्री लगेच बसलो. डावीकडून पन्नासातल्या एकतीस छोट्या निघाल्या, उजवीकडून जेमतेम बारा. उजव्या बाजूला असताना तिरकं दाबताना अंगठा सरकतो. पॅडवरची बटणं सोडून स्टिकने खेळून बघू का? तुमच्यापैकी कोणी पॅडवर स्टिकने छोट्या उड्या मारतं का?