मदत हवी आहे : अस्वलांच्या वंशवृक्षात ध्रुवीय अस्वलाची फांदी कोठे जोडावी?

नमस्कार,

अस्वलांच्या कुलाचा, म्हणजे युर्सिडीचा, एक मोठा भित्तितक्ता मी शाळकरी मुलांसाठी तयार करत आहे. आज हयात असलेल्या आठही जाती त्यात दाखवायच्या आहेत. काम निम्म्यावर येऊन थांबले आहे, म्हणून जाणकारांचे मार्गदर्शन हवे आहे.

बुंध्याजवळच्या फांद्यांविषयी मला शंका नाही. सर्वांत आधी वेगळा झाला तो मोठा पांडा. फ्रेंच धर्मप्रचारक आर्मां दाविद यांनी १८६९ मध्ये त्याला अस्वलांच्याच प्रजातीत (म्हणजे जवळच्या जातींच्या गटात, जीनसमध्ये) घातले होते. पुढच्याच वर्षी फ्रेंच प्राणिशास्त्रज्ञ मिल्न-एडवर्ड्स यांनी हाडे आणि दात पाहून त्याला स्वतंत्र प्रजाती दिली, आणि त्याचे नाते तांबड्या पांड्याशी व रॅकूनशी आहे की अस्वलांशी, हा वाद शंभराहून अधिक वर्षे चालला. पांड्याची गुणसूत्रे ४२, चष्मेवाल्या अस्वलाची ५२ आणि उरलेल्या सहा जातींची ७४. हे आकडे प्रथम वाचले तेव्हा मलाही पांडा परकाच वाटला होता. परंतु अस्वलांची लहान गुणसूत्रे जोडीजोडीने सांधली गेली की पांड्याची मोठी गुणसूत्रे तयार होतात, हे सूक्ष्मदर्शकाखाली त्यांच्यावर दिसणारे पट्टे जुळवून १९८० च्या दशकात दाखवले गेले, तेव्हा तो प्रश्न सुटला. तांबडा पांडा आता आपल्या वेगळ्या कुलात आहे. पांड्यानंतर दक्षिण अमेरिकेतील चष्मेवाल्या अस्वलाची शाखा फुटते. नामशेष झालेले आखूड तोंडाचे प्रचंड अस्वलही त्याच शाखेतले.

अडचण उरलेल्या सहा जातींची आहे. तंतुकणिकांमधील (पेशीला ऊर्जा पुरवणाऱ्या सूक्ष्म भागांमधील, मायटोकॉन्ड्रियामधील) डीएनएवरून काढलेल्या वृक्षात अमेरिकी आणि आशियाई काळी अस्वले शेजारी येतात; पेशीच्या केंद्रकातील डीएनए पाहिला, तर अमेरिकी काळे अस्वल तपकिरी व ध्रुवीय अस्वलांच्या बाजूला जाते. त्याहून गोंधळात टाकणारी गोष्ट अलास्काजवळच्या अ‍ॅडमिरल्टी, बॅरॅनॉफ आणि चिचागॉफ या बेटांवरची. तेथील तपकिरी अस्वलांच्या तंतुकणिका इतर तपकिरी अस्वलांपेक्षा ध्रुवीय अस्वलांच्या अधिक जवळच्या आहेत. मग ध्रुवीय अस्वल ही तपकिरी अस्वलाच्या फांदीवरची डहाळी समजावी, की तिच्या बरोबरीची फांदी?

दुसरा प्रश्न नावांचा आहे. मराठीत नुसते ‘अस्वल’ म्हटले की जे डोळ्यांसमोर येते, ते लांब केसांचे, वाळवी ओढून खाणारे अस्वल मेलर्सस या प्रजातीत ठेवतात आणि सूर्य अस्वल हेलार्क्टोस या प्रजातीत. (यांतल्या वाळवी खाणाऱ्या अस्वलाला १७९१ मध्ये इंग्रज निसर्गअभ्यासक जॉर्ज शॉ यांनी स्लॉथ, म्हणजे अमेरिकेतील झाडांवर राहणारा संथ प्राणी, समजून नाव दिले होते, वरच्या जबड्यातील मधले दोन पटाशीचे दात नसल्याने तो घोटाळा झाला असावा.) पण या दोन्ही जाती आशियाई काळ्या अस्वलाच्या निकटच्या ठरत असतील, तर त्यांना वगळून बाकीच्या चौघांना ‘अर्सस’ या एकाच प्रजातीचे म्हणणे योग्य ठरते का?

प्रतिसाद

आपला प्रश्न महत्त्वाचा आहे. तंतुकणिका केवळ आईकडून येतात, त्यामुळे त्यांचा वृक्ष हा मातृवंशाचा वृक्ष असतो, जातीचा नव्हे. त्या बेटांच्या बाबतीत सर्वाधिक पटणारे स्पष्टीकरण असे : हिमयुग ओसरताना तेथे ध्रुवीय अस्वले मागे राहिली आणि मुख्य भूमीवरून तपकिरी नर पिढ्यान्‌पिढ्या येत राहिले. अस्वलांत नर दूर जातात, माद्या आईच्या परिसराजवळ राहतात. परिणामी रूप आणि बहुतेक डीएनए तपकिरी झाला, तंतुकणिका मात्र ध्रुवीय उरल्या. नरांकडे एकच आणि मादीकडे दोन एक्स गुणसूत्रे असल्यामुळे ध्रुवीय अंश एक्स गुणसूत्रावर अधिक राहायला हवा, आणि मोजल्यावर तो तसाच अधिक आढळला. म्हणून ध्रुवीय अस्वल बरोबरीची फांदी म्हणूनच काढावे. केंद्रकीय डीएनएवरून हे दोघे काही लाख वर्षांपूर्वी वेगळे झाले असे दिसते; दीड लाख वर्षांचा जुना अंदाज तंतुकणिकांवर आधारलेला होता.

सहा जातींमधील उरलेल्या विसंगतीला दोन कारणे आहेत. या शाखा थोड्या काळात लागोपाठ फुटल्या, त्यामुळे पूर्वजातील जनुकांची निरनिराळी रूपे वेगवेगळ्या वंशजांत जशी पडली तशी राहिली. शिवाय फुटल्यानंतरही त्यांच्यात संकर होत राहिला. ध्रुवीय आणि तपकिरी अस्वलांचा संकर २००६ मध्ये कॅनडाच्या उत्तर भागातही आढळला होता.

नावांविषयी माझे मत स्पष्ट आहे. समान पूर्वजाचे सर्व वंशज एका प्रजातीत असावेत हा नियम पाळायचा, तर सहाही जातींना अर्सस म्हणावे लागेल, आणि काही अभ्यासक तसे म्हणतातही. तरी मेलर्सस आणि हेलार्क्टोस ही नावे अजून सर्रास वापरली जातात, म्हणून तक्त्यावर तीच ठेवून खाली एका ओळीची टीप द्यावी.

मूळ प्रश्नकर्ती

आपले मनःपूर्वक आभार. एक्स गुणसूत्राचा पुरावा मला ठाऊक नव्हता. आता ध्रुवीय अस्वलाची फांदी स्वतंत्र काढते आणि तिच्यापासून तपकिरी फांदीकडे संकर दाखवणारी तुटक रेघ ओढते. एक शेवटची विचारणा आहे : नामशेष झालेल्या गुहा-अस्वलाच्या डीएनएचा थोडा अंश आजच्या तपकिरी अस्वलांत सापडतो, असे २०१८ मध्ये प्रसिद्ध झाले आहे. हयात जातींच्या तक्त्यात त्याची फांदी फिक्या रंगात दाखवून तीही अशाच तुटक रेघेने जोडली, तर शास्त्रीय दृष्ट्या चालेल का?