संगीतकार वसंत देसाईंच्या गाण्यांचा कार्यक्रम: गाणी आणि साथ सुचवा

सोनचाफा_कुडाळ: जूनमध्ये वसंत देसाईंची जयंती. कुडाळात दोन तासांचा कार्यक्रम बसवतोय. गायिकेची पट्टी (षड्ज) पेटीवरची काळी चार, गायकाची काळी एक, शाळेतली दहा-बारा मुलं, पेटी, तबला, कीबोर्ड. देवळातले सनईवालेही तयार आहेत. 'ऐ मालिक'पलीकडचं काय घ्यावं?

पांढरी_पाच: 'ऐ मालिक' गाळू नका हो, लोक वाट बघणार. मुलांना द्या, त्याला जोडून 'हमको मन की शक्ति देना'. गायिकेला 'मोलकरीण'मधलं 'देव जरी मज कधी भेटला' आणि 'गुड्डी'तलं 'बोले रे पपीहरा'. हे मियाँ मल्हार रागातलं, गंधार आंदोलित (हळुवार झुलवलेला) हवा. कीबोर्डवर तो येत नाही, तेव्हा तिथे कीबोर्ड गप्प.
गायकाला 'पंडितराज जगन्नाथ' नाटकातलं 'जय गंगे भागीरथी'. 'झनक झनक पायल बाजे'चं शीर्षकगीत अमीर खाँसाहेबांचं, अडाणा रागातलं. तयारीचा गळा नसेल तर हात लावू नका.
'घनश्याम सुंदरा' युगुल आहे. मधली पट्टी शोधत बसू नका, काळी तीन धरा. तिथला तार (वरच्या सप्तकातला) सा म्हणजे तुमच्या गायकाचा तार मध्यम. झेपतो.

वादी_गठ्ठा: गाणी सालवार लावू नका, पट्टीवार लावा. तबले दोनच आणा, काळी एक आणि काळी चार. काळी चारचा काळी तीनपर्यंत उतरतो, त्याखाली पुडी (तबल्याचं कातडं) ढिली पडून आस (घुमणारा नाद) जाते. म्हणजे युगुल गायिकेच्या गटातच, त्या गटाच्या शेवटी.
मृग लागला की दमट हवेने पुडी ओल धरते आणि स्वर उतरतो. मग मंचावरच्या दिव्यांच्या उष्णतेने तोच चढतो. म्हणून तबले तासभर आधी मंचावर, दिवे लावून, झाकून ठेवा आणि कार्यक्रम सुरू व्हायच्या तोंडावर स्वरात लावा.
पेटीच्या पट्ट्या फुगून अडकतात, आदल्या दिवशी एकेक दाबून बघा. कीबोर्ड पेटीला मिळवायचा, उलट नाही. पेटीचे सूर ऐनवेळी हलत नाहीत, कीबोर्डचं ट्यूनिंग हलतं.

सोनचाफा_कुडाळ: आणि सनई?

पांढरी_पाच: आधी त्यांचा षड्ज विचारा. सनईची पट्टी नळीच्या लांबीवर ठरते, फुंकीने आणि पत्तीने (ओठांत धरायच्या) फार तर थोडी सरकते. 'गूँज उठी शहनाई'तलं 'तेरे सुर और मेरे गीत' (राग बिहाग) घ्यायचं तर गायिकेने त्यांच्या पट्टीत गावं. तिला जमत नसेल तर सनईवर नुसतीच धून वाजवा, तेही चांगलं होतं. सनई आणि पेटी एकाच ओळीवर नकोत, किंचित फरकही कानाला खुपतो. माईक दोन-तीन फूट लांब, तोंडासमोर नाही, बाजूने.

वादी_गठ्ठा: शेवटी 'मैत्रीं भजत' घ्या. १९६६ साली सुब्बुलक्ष्मींनी संयुक्त राष्ट्रांत गायलेलं. चाल देसाईंचीच, हे आपल्याकडे फार जणांना माहीत नसतं. संस्कृत आहे, मुलांकडून आधी उच्चार पक्के करून घ्या, चाल नंतर.