शुगर कुकीजचा गोळा चिकटतो तेव्हा : तुमचे अनुभव लिहा

शुगर कुकीजची कृती वाचायला फार सोपी वाटते. बटर, साखर, अंडे, मैदा, थोडी बेकिंग पावडर आणि चिमूटभर मीठ, एवढेच तर त्यात असते. लाटायला बसल्यावर मात्र तोच गोळा ओट्याला, लाटण्याला आणि बोटांना चिकटून बसतो, चांदणीचे एक टोक साच्यात अडकून राहते आणि उरलेली चांदणी ट्रेपर्यंत नेताना लांबट होऊन जाते. अनेक वर्षे या कुकीज घरी केल्यावर माझे मत पक्के झाले आहे की, गोळा चिकट लागताच मैद्याच्या डब्याकडे हात जाणे हीच यातली सर्वांत मोठी चूक आहे. गोळ्याला बहुतेक वेळा मैदा कमी पडलेला नसतो, तो गरम झालेला असतो. तुमचा अनुभव याला दुजोरा देणारा असो वा याच्या विरुद्ध असो, तो सविस्तर लिहावा, आणि फसलेले प्रयत्नही वगळू नयेत. सुरुवात मीच करते.

अनुभव १

एकदा बटर लवकर मऊ व्हावे म्हणून मी ते तापत असलेल्या ओव्हनशेजारी ठेवले. मध्ये ते घट्ट होते, पण कडा वितळून तकतकीत दिसू लागल्या होत्या. मी तसेच ते साखरेबरोबर फेटले. मिश्रण फुलून फिकट होण्याऐवजी तेलकट आणि पातळसर राहिले, मैदा मिसळल्यावरही गोळा लिबलिबीत होता, आणि मी तीन वेळा मूठमूठ मैदा वाढवला. कुकीज दिसायला सुबक झाल्या, पण खाताना कोरड्या आणि कडक लागल्या.

आता मी बटर साधारण १८ ते २० अंश सेल्सिअसला असतानाच वापरते. बोटाने दाबले की त्यावर खळगा पडतो, पण बोट आत रुतत नाही. बटर ३२ ते ३५ अंशांच्या आसपास पूर्ण वितळते आणि तळहाताची ऊब त्याच्या अगदी जवळ असते, त्यामुळे गोळा हातात जितका वेळ राहील तितका तो सैल होत जाणार, हे लक्षात ठेवावे लागते. पीठ तयार झाले की मी त्याचे दोन भाग करते, प्रत्येक भाग दोन सेंटिमीटर जाडीच्या चपट्या चकतीसारखा थापते आणि झाकून किमान एक तास फ्रीजमध्ये ठेवते. पूर्वी मी गोल गोळाच ठेवत असे. तासाभराने तो बाहेरून दगडासारखा आणि आतून मऊ असायचा, त्यामुळे लाटताना कडा फुटायच्या आणि मधला भाग चिकटायचा.

अनुभव २

माझ्या बाबतीत दोष तापमानाचा नव्हता, मापाचा होता. एकच कृती, तोच कप, तरीही एकदा गोळा चिकट व्हायचा आणि पुढच्या वेळी भुसभुशीत. शेवटी वजनकाटा घेतला तेव्हा उलगडा झाला. मैदा चमच्याने अलगद कपात भरून वरून सपाट केला तर १२० ते १२५ ग्रॅम भरतो, आणि तोच कप डब्यात खुपसून भरला तर १५० ग्रॅमपर्यंतही जातो. एका कपाला २५ ग्रॅमचा फरक पडत असेल, तर अडीच कपांच्या कृतीत किती फरक पडेल याचा विचार करावा.

अंड्याचेही तसेच आहे. मोठ्या अंड्यात कवच सोडून सुमारे ५० ग्रॅम ऐवज असतो, आणि पांढऱ्या भागात जवळजवळ ९० टक्के पाणीच असते. अंडे खूप मोठे निघाले तर मी ते फेटून, ५० ग्रॅम मोजून घेतो आणि उरलेले बाजूला ठेवतो. तेव्हापासून गोळा दर वेळी सारखाच होतो.

अनुभव ३

मी क्रम उलटा केला आणि माझे काम निम्मे झाले. आधी थंड करून मग लाटण्याऐवजी, पीठ मऊ असतानाच ते बेकिंग पेपरच्या दोन तावांमध्ये ठेवून सहा मिलिमीटर जाडीचे लाटते. मऊ पीठ लाटायला जोर लागत नाही आणि वरून एक चिमूटही मैदा भुरभुरावा लागत नाही. लाटताना वरच्या कागदाला सुरकुत्या पडतात आणि त्या पिठावर उमटतात, म्हणून दोन-तीनदा थांबून कागद हलकेच सोडवायचा, पुन्हा सपाट पसरायचा, मग सगळे उलटे करून दुसऱ्या बाजूचा कागदही तसाच सोडवून घ्यायचा. त्यानंतर ती पोळी कागदांसकट ट्रेवर सरकवून अर्धा तास फ्रीजमध्ये ठेवते.

साचा दाबल्यावर मी आकार उचलत नाही, तर भोवतालचे पीठ काढून घेते. आकार कागदावर जिथल्या तिथे राहतात आणि तोच कागद ट्रेवर जातो. भाजण्यापूर्वी आणखी १० ते १५ मिनिटे थंडावा दिला की कडा ओव्हनमध्ये पसरत नाहीत. चांदणीचे पाचही कोपरे शाबूत राहिलेले पाहिले की मन भरून येते, हे येथे मोकळेपणाने सांगते.

अनुभव ४

माझे हात फार उबदार असतात. काम सुरू करण्यापूर्वी ते गार पाण्याखाली धरतो आणि पूर्ण कोरडे करतो, कारण ओला हात लागला की वरची साखर विरघळते आणि चिकटपणा आणखी वाढतो. एका वेळी एकच चकती बाहेर काढतो, दुसरी आतच राहते.

अनुभव ५

पहिल्या अनुभवाशी मी बऱ्याच अंशी सहमत आहे, पण मैदा कधीच वाढवू नये असा त्याचा अर्थ होऊ नये. मी एकदा बटरऐवजी कमी स्निग्धांशाचे, पावाला लावायचे स्प्रेड वापरले होते. बटरमध्ये किमान ८० टक्के स्निग्धांश आणि साधारण १६ टक्के पाणी असते, तर अशा स्प्रेडमध्ये पाण्याचे प्रमाण बरेच जास्त असते. गोळा रात्रभर फ्रीजमध्ये ठेवला, तरी सकाळी बोटांवर लेप यावा तसा चिकटतच होता. त्यातून मला एक खूण सापडली. थंड केल्यावर चिकटपणा गेला तर दोष उष्णतेचा, आणि पूर्ण थंड होऊनही तो राहिला तर दोष ओलाव्याचा. दुसऱ्या प्रकारात मैदा घालायलाच हवा, पण एका वेळी एकच मोठा चमचा, म्हणजे अंदाजे आठ ग्रॅम; तो हलक्या हाताने मिसळायचा आणि मग पुन्हा पाहायचे. मिश्रण जास्त मळले तर मैद्यातले ग्लुटेन (गव्हातले लवचिक प्रथिन) चिवट होते आणि कुकीचा खुसखुशीतपणा जातो.

साखरेच्या काही भागाऐवजी मध घातला तरी असेच होते, कारण मधात पाणी असते आणि तो ओलावा धरूनही ठेवतो.

अनुभव ६

घरी एकाला ग्लुटेन चालत नाही, म्हणून मी तांदळाच्या पिठाचे मिश्रण वापरते. हे पीठ पाणी सावकाश शोषते, हे मला ठाऊक नव्हते. पहिल्यांदा गोळा चिकट दिसताच मी पीठ वाढवत गेले आणि दुसऱ्या दिवशी त्याचा नुसता भुगा झाला. आता अर्धा तास झाकून ठेवते, आणि त्याआधी कोणताही निर्णय घेत नाही. गोळा फार थंड होऊन लाटताना चिरा पडू लागल्या, तर पाच ते दहा मिनिटे ओट्यावर ठेवणे पुरते.

अनुभव ७

आमच्याकडे कुकीज मुलांबरोबर होतात, म्हणजे गोळा सतत कोणाच्या तरी हातात असतो. त्यामुळे मी चार लहान चकत्या करतो आणि एक मऊ पडली की ती आत ठेवून दुसरी बाहेर काढतो. कच्चे पीठ चाखू देत नाही, कारण त्यात कच्चे अंडे असतेच, शिवाय कच्चा मैदाही तसाच खाणे सुरक्षित नाही. मुलांना साचा मैद्यात बुडवून जादाचा मैदा झटकायला शिकवले आहे. त्यामुळे आकार स्वच्छ सुटतात आणि पिठात मैदा फारसा जात नाही.

उरलेले तुकडे पूर्वी आम्ही पुन्हा मळत असू. आता ते एकमेकांना चिकटवून नुसते दाबतो, परत थंड करतो आणि एकदाच लाटतो. तिसऱ्यांदा लाटलेल्या कुकीज नेहमीच कडक झाल्या आहेत, म्हणून शेवटी उरलेल्या पिठाच्या छोट्या गोळ्या करून त्या चपट्या दाबतो आणि तशाच भाजतो. धाकटीला त्याच सर्वांत जास्त आवडतात.