नवशिक्या पंचाला 'जरा थांबून शिट्टी' शिकवावी का?

कडक_शिट्टी
हल्ली पंचांच्या शिबिरात पहिल्याच दिवशी घोकून घेतात: घाई करू नका, एक श्वास घ्या, मग शिट्टी वाजवा. माझा याला विरोध आहे. फाउल झाला आणि दोन सेकंद शांतता राहिली, की ज्याला लागलंय तो समजतो पंचाने पाहिलंच नाही. मग तो स्वतःच हिशेब चुकता करतो. मूळ फाउल राहतो बाजूला आणि धक्काबुक्की निस्तरत बसावं लागतं. दुसरं, उशिरा वाजलेली शिट्टी नेहमी प्रेक्षकांच्या ओरड्यानंतर वाजल्यासारखी दिसते. निर्णय बरोबर असला तरी पंच दबावाला बळी पडला असाच बोभाटा होतो. अनुभवी पंच थांबतो तेव्हा तो काहीतरी पाहत असतो, नवखा थांबतो तेव्हा नुसता गोंधळलेला असतो. आधी दिसलं की वाजवायला शिका, थांबणं नंतर.

तिरकी_धाव
फुटबॉलपुरतं बोलतो. 'दिसलं की वाजवा' म्हणजे ज्याला फाउल केला त्याच्याच संघाला शिक्षा. अ‍ॅडव्हान्टेज, म्हणजे ज्याच्यावर फाउल झाला त्या संघाचा फायदा होत असेल तर खेळ चालू ठेवणं, नियमातच आहे, आणि अपेक्षित फायदा काही सेकंदांत मिळाला नाही तर मूळ फाउलकडे परत येण्याची मुभाही आहे. थांबायचं ते चार गोष्टी पाहण्यासाठी: चेंडू खरोखर ताब्यात आहे का, पुढे मोकळी जागा आहे का, गोल किती लांब आहे आणि सामना किती तापलाय. स्वतःच्या गोलजवळ फाउल मिळाला तर बहुतेक वेळा लगेच वाजवावी, तिथे अ‍ॅडव्हान्टेजने हाती काही लागत नाही. आणि दोन्ही हात पुढे करून मोठ्याने 'अ‍ॅडव्हान्टेज' ओरडायचं. तुम्ही म्हणता ती शांतता मग उरतच नाही. पंचाने पाहिलंय हे बाविसाच्या बावीस जणांना कळतं.

कडक_शिट्टी
@तिरकी_धाव, कागदावर ठीक. प्रत्यक्षात नवखा पंच चेंडू त्याच संघाकडे गेला एवढंच पाहतो आणि हात पुढे करतो. पाठीमागे बचावपटू चिकटलेला, तोंड स्वतःच्या गोलकडे, याला फायदा म्हणायचं? आणि परत येण्याचंही तसंच. फायदा मिळाला, मग खेळाडूने पास वाया घालवला, तरी शिट्टी! संधी मिळून त्यानेच ती घालवली तर फ्री किक कशाची? शिवाय कार्डं. पिवळ्या कार्डाचा फाउल असेल तर पुढच्या थांब्याला कार्ड दाखवायचं असतं. पण फाउल फक्त आशादायक चढाई रोखणारा होता आणि अ‍ॅडव्हान्टेज दिला, तर कार्ड नाही. गंभीर फाउलला तर गोलची स्पष्ट संधी नसेल तर अ‍ॅडव्हान्टेज द्यायचाच नाही. एवढं सगळं पहिल्या दहा सामन्यांत डोक्यात राहतं?

तिरकी_धाव
नाही राहत, मान्य. म्हणून पहिले काही सामने अ‍ॅडव्हान्टेज फक्त मैदानाच्या मधल्या पट्ट्यात आणि साध्या फाउलला द्यायला सांगावं. आणि शिट्टी तोंडात न ठेवता हातात धरायला लावावी, मनगटाला दोरी. हात तोंडापर्यंत येईस्तोवर जो क्षण जातो तेवढाच विराम पुरतो, वेगळा श्वास मोजायला नको. शिट्टी दातांत असली की धक्का दिसताक्षणी ती वाजतेच, मेंदूला विचारत नाही.

पायचीत
क्रिकेटला हा वाद थेट लागू नाही. तिथे अपील झाल्याशिवाय बाद देताच येत नाही, त्यामुळे थोडा वेळ आपसूक मिळतो. गोलंदाजाच्या टोकाचा अंपायर आधी पुढचा पाय पाहतो, क्रीजच्या मागे पायाचा थोडा तरी भाग आहे ना, मग नजर वर. वेगवान चेंडू पोहोचायला साधारण अर्धा सेकंद. पायचीतसाठी क्रम ठरलेला: नो बॉल नाही ना, टप्पा लेग स्टंपच्या बाहेर नाही ना, आधी बॅट लागली का, पॅडला कुठे लागला, स्टंपला लागला असता का. पहिल्याच अटीत अडलं की पुढचं पाहायचंच नाही. हा क्रम पुन्हा डोळ्यांसमोर आणायला जो वेळ लागतो तेवढाच घ्यावा. घाईत बोट वर गेलं आणि मग बॅटचा आवाज आठवला, तर निर्णय बदलता येतो, पण तो तातडीने बदलावा लागतो. अशी वेळ येऊच नये हे बरं.

निदानरेषा
कबड्डीत दोघांचंही चालणार नाही. चढाईपटू धरला गेला, चार जण अंगावर, आणि सरपंचाने, म्हणजे मुख्य पंचाने, झटकन शिट्टी मारली तर हात मध्यरेषेला पोचायची संधीच संपली. पोचला असता तर धरणारे सगळे बाद. पण जास्त थांबलात तर घोटा पिरगळतो, मान दबते. शिट्टीची वेळ दोन गोष्टींवर ठरते: दम चालू आहे का, आणि शरीर मध्यरेषेकडे सरकतंय का. दम तुटला की शिट्टी, त्यात विचार नाही. दम चालू पण हालचाल पूर्ण थांबली, तरीही शिट्टी. सरकणं चालू असेल तर थांबायचं. आणि हे एकट्या सरपंचाचं काम नाही. गर्दीत त्याला हात दिसतच नाही, मध्यरेषेचा स्पर्श बाजूच्या पंचालाच दिसतो. त्याने आधी इशारा करायला हवा. लॉबीत, म्हणजे मैदानाच्या दोन्ही कडेच्या पट्ट्यांत, हाच घोळ: झटापट सुरू झाल्यावर लॉबी मैदानात धरतात, मग पाय लॉबीत आधी गेला की स्पर्श आधी झाला, हा क्रम ज्याने पाहिला त्यानेच सांगावा.

लीड_ट्रेल
बास्केटबॉलमध्ये शिट्टी तोंडातच असते, तरी थांबतात. संपर्काची सुरुवात, मधला भाग, शेवट, तिन्ही पाहायचं. ड्रिबल करणाऱ्याला (चेंडू आपटत नेणाऱ्याला) नुसता हात लागला म्हणून फाउल नाही. त्याची लय, वेग, तोल, चपळाई यातलं काही बिघडलं का ते पाहायचं. पण @कडक_शिट्टी यांचा एक मुद्दा खरा आहे. चेंडू रिंगवरून उडाला हे पाहून मग फाउलच्या इशाऱ्याची मूठ वर जाते, हा सर्रास दिसणारा दोष. बास्केट झाली की नाही यावर फाउल ठरत नाही. तसं करणारा पंच संपर्काचा निकाल न देता नेमबाजीचा देतो. आणि शिट्टी उशिरा येण्याचं कारण बहुधा जागा असते. दोघांच्या मधली फट दिसेल असा कोन नसेल तर कितीही थांबा, अंदाजच बांधाल. एक पाऊल बाजूला सरकलं की फट दिसते आणि शिट्टी आपोआप वेळेवर येते.

झेंडेवाला
कोनाचं निघालं म्हणून. फुटबॉलमध्ये ऑफसाइड (त्या रेषेच्या पुढे असलेला आक्रमक) पाहणारा सहाय्यक रेफरी शेवटून दुसऱ्या बचावपटूच्या रेषेत हवा, चेंडू गोलरेषेच्या जास्त जवळ असेल तर चेंडूच्या रेषेत. तो गोलरेषेकडे दीड-दोन पावलं पुढे गेला की पलीकडच्या बाजूचा, खरं तर समरेषेत असलेला आक्रमक ऑफसाइड दिसतो. मागे राहिला की उलट. हे थांबून सुधारत नाही. टीव्हीवर पाहून उशिरा झेंडा वर करायची फॅशन आलीय, तीही चुकीची. व्हिडिओची सोय असते तिथे चढाई संपेपर्यंत झेंडा खाली ठेवतात, कारण गोल नंतर तपासता येतो. जिथे कॅमेराच नाही तिथे कशाची वाट पाहता? ऑफसाइड जागेतला खेळाडू खेळात सामील होतो का एवढंच पाहायचं. झाला की झेंडा. गोलकीपरशी टक्कर होणार असं दिसलं तर त्याआधीच.

कडक_शिट्टी
म्हणजे निदान झेंड्याच्या बाबतीत तरी माझ्या बाजूने एक मत पडलं. @लीड_ट्रेल, जागेचा मुद्दा पटला, पण मग शिबिरात पहिल्या दिवशी पावलं शिकवा. 'श्वास घ्या' हे वाक्य मला तरीही नकोच.

तिरकी_धाव
वाक्य काढा. शिट्टी मात्र हातातच राहू द्या.