मदत हवी आहे: दूरदर्शनच्या जुन्या मराठी बातम्यांचं फुटेज

मंडळी, मुंबई दूरदर्शनच्या वृत्तनिवेदकांवर छोटा माहितीपट करतेय. केंद्र २ ऑक्टोबर १९७२ला सुरू झालं. स्मिता पाटील, भक्ती बर्वे, अनंत भावे, प्रदीप भिडे... फोटो मिळतात, पण अख्खं बातमीपत्र मिळत नाही.

मावशीच्या व्हीएचएस कॅसेटवर लग्नाच्या शूटिंगनंतर भिडेंच्या बातम्यांचा तुकडा निघाला. चित्र खाली फाटतंय, आवाज मात्र खणखणीत! तो वापरायचाच आहे. प्रसारणाचा हक्क २५ वर्षांनी संपतो, पण मूळ चित्रीकरणाचा कॉपीराइट ६० वर्षं राहतो, म्हणजे परवानगी लागणारच.

प्रसार भारतीकडून कुणी असं फुटेज रीतसर घेतलंय का? अर्ज वरळीला करायचा की दिल्लीला? दर सेकंदावर लावतात का? आणि कॅसेटवरची बुरशी काढून देणारं पुण्या-मुंबईत कुणी आहे का? प्लीज सांगा, टेप दिवसेंदिवस खराब होतेय.