मदत हवी आहे : पॅटरसोनियाचे बी पाच महिने झाले तरी रुजलेले नाही

नमस्कार.

मी पश्चिम ऑस्ट्रेलियातल्या पर्थमध्ये राहते. घरामागच्या वाळूच्या जमिनीत तीन वर्षांपूर्वी मी पॅटरसोनिया ऑक्सिडेंटॅलिसची दोन रोपे रोपवाटिकेतून आणून लावली. इथे तिला पर्पल फ्लॅग म्हणतात, तर नूंगार या इथल्या मूळ रहिवाशांत ती कोम्मा या नावाने ओळखली जाते. फुले नसताना ही वनस्पती हुबेहूब गवताच्या जुडीसारखी दिसते, त्यामुळे पहिल्याच वर्षी तण काढताना त्यांपैकी एक रोप उपटले गेले आणि त्याची हळहळ मला अजून वाटते. प्रत्यक्षात ती आयरिसच्या कुळातली बहुवर्षायू वनस्पती असून नैऋत्य ऑस्ट्रेलियातल्या निकस वाळूत, बुटक्या झुडपांच्या माळांवर ती मुबलक आढळते. रॉबर्ट ब्राऊन यांनी १८०७ मध्ये न्यू साउथ वेल्सचे लेफ्टनंट गव्हर्नर विल्यम पॅटरसन यांच्यावरून पॅटरसोनिया या वंशाला (जीनस) नाव दिले.

उरलेले रोप दर वर्षी सप्टेंबरपासून फुलते. उंच दांड्याच्या टोकाला दोन तपकिरी छदे (कळ्यांना झाकणारी पानांसारखी आवरणे) एकमेकांना चिकटून असतात. त्यांच्या फटीतून सकाळी एक फूल वर येते आणि तीन रुंद जांभळ्या पाकळ्या पसरते. त्या इतक्या पातळ असतात की ऊन मागून पडले की शिरान् शीर दिसते. दुपार कलली की हेच फूल आक्रसून ओल्या कागदाच्या बोळ्यासारखे होते. मात्र त्याच छदांत पुढच्या कळ्या दडलेल्या असल्यामुळे बहर कित्येक आठवडे चालतो.

आता अडचण सांगते. गेल्या डिसेंबरात बोंडे तडकू लागताच मी बी गोळा केले आणि एप्रिलमध्ये, पावसाळ्याच्या तोंडावर (इथे पाऊस हिवाळ्यात पडतो), जाड वाळूत थोडा नारळाचा भुसा मिसळून साधारण चाळीस बिया पेरल्या. सप्टेंबर उजाडला तरी एकही कोंब दिसलेला नाही. शेजारच्याच ट्रेमध्ये पेरलेले उंच कांगारू पॉ या इथल्याच फुलझाडाचे बी व्यवस्थित उगवले, म्हणजे पाणी किंवा थंडी यांत चूक झाली असावी असे मला वाटत नाही. माळरानातून बी किंवा रोप आणणे हा पर्याय माझ्यापुरता नाहीच. सरकारी जमिनीवरून त्यासाठी परवाना लागतो आणि तिथले रोप तिथेच असावे असे माझे स्पष्ट मत आहे.

या भागातल्या अनेक वनस्पतींचे बी वणव्याच्या धुराने जागे होते, आणि धुरातला तो परिणाम घडवणारा कॅरिकिनोलाइड हा पदार्थ पश्चिम ऑस्ट्रेलियातल्याच शास्त्रज्ञांनी २००४ मध्ये शोधून काढला, हे मला ठाऊक आहे. पॅटरसोनियाच्या बियांवर आपल्यापैकी कोणी धूरपाणी (धूर मुरवलेले पाणी) वापरून पाहिले आहे का? वापरायचे तर ते याच ट्रेवर आता शिंपडावे, की पुढच्या शरद ऋतूपर्यंत (इथे मार्च ते मे) थांबावे? शिवाय जुने गड्डे विभागून रोपे करता येतील का, हेही कृपया सांगावे. एकच रोप हाताशी असल्यामुळे त्याला सुरी लावण्याचा धीर होत नाही.

प्रतिसाद :

ताई, ट्रे मुळीच टाकून देऊ नका. माझ्याकडे पेरलेल्या बियांपैकी पहिल्या हिवाळ्यात एकही उगवली नव्हती. उन्हाळाभर तो ट्रे सावलीत कोरडा ठेवला आणि दुसऱ्या पावसाळ्यात त्यातून अकरा रोपे आली. धूरपाणी मी त्या दुसऱ्या पेरणीहंगामाच्या सुरुवातीला, एकदाच, पातळ करून दिले होते. त्यामुळेच बी रुजले असे मी छातीठोकपणे म्हणणार नाही, पण आता उन्हाळा तोंडावर असताना ते देण्यात मला अर्थ दिसत नाही, कारण कोवळी रोपे पुढच्या उकाड्यात तग धरणार नाहीत. विभागणी करता येते, तरी एकुलत्या एका रोपावर तो प्रयोग करू नये. आणि खत द्यायचेच असेल तर स्थानिक झाडांसाठीचे, स्फुरद कमी असलेलेच द्यावे.

धागाकर्ती :

मनापासून आभार. ट्रे आजच सावलीत हलवते. त्यात वरून वाळूचा पातळ थर द्यावा का, की बी आहे तसेच राहू द्यावे?