घर नक्की कितीला पडलं? गृहकर्जाचे अनुभव सांगा

घर घेतलं की पेढ्यांबरोबर दोन आकडे वाटले जातात: घराची किंमत आणि महिन्याचा हप्ता. शेवटचा हप्ता फिटेपर्यंत खिशातून एकूण किती गेले, हा तिसरा आकडा बहुतेकांनी काढलेलाच नसतो. हा धागा त्या तिसऱ्या आकड्यासाठी.

सगळ्यांना एकच माप हाताशी असावं म्हणून एक उदाहरण देते. ५० लाखांचं कर्ज, साडेआठ टक्के दर, २० वर्षं. हप्ता ४३,३९१ रुपये. एकूण फेड १ कोटी ४ लाखांच्या वर, म्हणजे व्याजच ५४ लाख. पहिल्या हप्त्यातले ३५,४१७ रुपये व्याजात जातात आणि मुद्दलातून फक्त ७,९७४ कमी होतात. पाच वर्षं नेमाने भरून २६ लाख देऊन झालेले असतात, तरी ४४ लाख शिल्लक असतात. हप्त्यात मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा मोठा व्हायला जवळजवळ बारा वर्षं लागतात. मुदत ३० वर्षांची केली तर हप्ता पाचेक हजारांनी उतरतो आणि व्याज ३४ लाखांनी चढतं. विक्री विभागातला मुलगा यातलं फक्त पहिलं अर्धं वाक्य बोलतो.

माझं स्वतःचं घर पुण्यात, बांधकाम सुरू असताना घेतलेलं, करार ६५ लाखांचा. बँक ८० टक्के देते हे माहीत होतं, तेव्हा १३ लाख आपले. पण बँकेचे ८० टक्के मोजले जातात ते कराराच्या किमतीवर. मुद्रांक शुल्क ७ टक्क्यांनी साडेचार लाखांच्या वर, नोंदणीचे ३० हजार, जीएसटी ५ टक्क्यांनी सव्वातीन लाख, हे सगळं त्या हिशेबाच्या बाहेर. म्हणजे १३ लाखांचे २१ लाख झाले. वरचे आठ आले नवऱ्याच्या ऑफिसातल्या कर्जातून आणि माझ्या दोन बांगड्यांतून. बँकेच्या कागदावर ५२ लाख कर्ज आहे. घरातल्या वहीत ते ५७ लाख होतं.

बँका, बिल्डर यांची नावं नकोत, भांडणं वाढतात. आकडे मात्र मोकळेपणाने लिहा.

ठाणे, २०२१ चं कर्ज

माझं ४० लाखांचं, रेपोशी (रिझर्व्ह बँक बँकांना ज्या दराने उसने पैसे देते त्याच्याशी) जोडलेलं, ६.७ टक्क्यांनी. हप्ता ३०,२९६. रेपो तेव्हा ४ टक्के होता आणि सगळे म्हणत होते, इतकं स्वस्त कर्ज पुन्हा मिळायचं नाही. खरंच होतं. मे २०२२ मध्ये रिझर्व्ह बँकेने मध्येच बैठक घेऊन दर वाढवला आणि फेब्रुवारी २०२३ पर्यंत रेपो साडेसहावर गेला. माझा दर ९.२.

या सगळ्या काळात खात्यातून ३०,२९६ च जात होते. त्यामुळे घरात कुणाला काही जाणवलं नाही. बँक हप्ता हलवत नव्हती, मुदत ताणत होती. विवरणपत्र काढलं तेव्हा दिसलं की हप्त्यातले जेमतेम काही शे रुपये मुद्दलात पडतायत. त्या गतीने कर्ज फिटायला आणखी चाळीसच्या वर वर्षं लागली असती. मी आज एकोणचाळीसची आहे. मूळ मुदतीत बसवायचं तर हप्ता साडेछत्तीस हजारांच्या आसपास हवा होता. तो वाढवून घेतला.

ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने सांगितलं की दर बदलताना ग्राहकाला विचारा: हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची, दोन्ही थोडं थोडं करायचं, की स्थिर दरावर जायचं. चांगला नियम आहे. पण ते पत्र ईमेलच्या जाहिरातींच्या कप्प्यात येतं, एवढं लक्षात ठेवा. २०२५ मध्ये रेपो उतरला, डिसेंबरात सव्वापाचवर आला. मी हप्ता तोच ठेवलाय, आता मुदत उलटी पळतेय.

बँकेतून निवृत्त, नाशिक

ठाण्याच्या ताईंनी लिहिलं ते नवीन नाही. कर्ज खात्यावर बसून मी तेवीस-चोवीसशे फायली पाहिल्या असतील. दर वाढला की मुदत ताणायची, कारण हप्ता वाढवला की ग्राहक शाखेत येऊन बोलतो. मुदत वाढली की कुणी येत नाही.

जुन्या कर्जदारांनी एक गोष्ट तपासावी. २०१० च्या बेस रेटवरची, २०१६ च्या एमसीएलआरवरची (दोन्ही बँकेने स्वतः ठरवायचे जुने मूळ दर) कर्जं अजून अनेकांकडे आहेत. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी फ्लोटिंग, म्हणजे बदलत्या दराची, गृहकर्जं बाहेरच्या मानकाशी, बहुतेक ठिकाणी रेपोशी, जोडलेली असतात. जुनं कर्ज आपोआप तिकडे जात नाही. अर्ज करावा लागतो, थोडं शुल्क भरावं लागतं. एकाच इमारतीत, एकाच बँकेचे दोन कर्जदार, दरात एक-सव्वा टक्क्याचा फरक, हे मी स्वतः पाहिलंय. जास्त दर भरणारा जुना आणि चोख ग्राहक असायचा. विश्वासाने कधी विचारायला आलाच नाही.

दुसरं, आगाऊ भरणा. वैयक्तिक फ्लोटिंग गृहकर्जावर मुदतपूर्व फेडीचा दंड बँकांना २०१२ पासून घेता येत नाही. धाग्याच्या सुरुवातीचं ५० लाखांचं उदाहरण घ्या. पहिल्या वर्षाअखेर एक लाख जादा भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर पुढचं साधारण चार लाख व्याज वाचतं. तोच एक लाख पंधराव्या वर्षाअखेर भरला तर पन्नास-बावन्न हजार. लोक मात्र उलटं करतात, ग्रॅच्युइटी आली की कर्ज फेडायला धावतात. दरवर्षी एक हप्ता जादा भरत गेलं तरी वीस वर्षांचं कर्ज साडेसोळा-सतरा वर्षांत उरकतं. जादा रक्कम भरताना 'मुदत कमी करा' असं लेखी द्या. नाही तर काही ठिकाणी हप्ता कमी करून ठेवतात.

आणि 'कर वाचतो ना!' हे वाक्य. राहत्या घराच्या व्याजाची वजावट दोन लाखांपर्यंत. ३० टक्क्यांच्या टप्प्यात त्याचे वाचतात साधारण ६२ हजार. त्या उदाहरणात पहिल्या वर्षाचं व्याज सव्वाचार लाखांच्या घरात आहे. नव्या कररचनेत राहत्या घराला तेही नाही.

बदलापूर

आमच्या इमारतीला ताबा मिळेपर्यंत दोन घरांचा खर्च चालू होता. प्रत्येक स्लॅब पडला की बिल्डरचं मागणीपत्र, बँकेचं वितरण आणि दिलेल्या रकमेवरचं व्याज. २५ लाख गेले तेव्हा नुसतं व्याज महिना १७,७०० होतं, वर डोंबिवलीच्या खोलीचं भाडं ११ हजार. त्या १७,७०० मधला एक रुपया मुद्दलातून कमी होत नाही. पूर्ण हप्ता सुरू होतो तेव्हा कर्ज जिथे होतं तिथेच उभं असतं.

बिल्डरने लिफ्टच्या परवानगीचं कारण सांगत दोन वर्षं काढली. महारेराकडे, म्हणजे बिल्डरांवर देखरेख ठेवणाऱ्या राज्याच्या प्राधिकरणाकडे, तक्रार केली, ताब्याला उशीर झाल्याबद्दल व्याजाचा आदेश मिळाला. आदेश मिळणं आणि पैसे मिळणं यातलं अंतर कल्याण-कर्जत लोकलने जाणाऱ्यांना समजावून सांगायला नको.

एक बारीक नियम बऱ्याच जणांना माहीत नसतो: कर्ज घेतलं त्या आर्थिक वर्षाच्या शेवटापासून पाच वर्षांत घर पूर्ण झालं नाही, तर दोन लाखांची वजावट ३० हजारांवर येते. उशीर बिल्डरचा, भुर्दंड आपल्याला.

नागपूर

थोडा विरोधी सूर लावतो. वर सगळे एकूण व्याजाची बेरीज करून घाबरवतायत. २०४५ साली भरायचा रुपया आणि आजचा रुपया एका रकान्यात कसा मांडायचा बावा? मी २००४ मध्ये कर्ज घेतलं, हप्ता नऊ हजार. तेव्हा पगाराचा निम्मा जायचा. बायको भाजीवालीशी रुपया-रुपयाने घासाघीस करायची. २०१८ उजाडलं तेव्हा पोराच्या क्लासची फी त्या हप्त्याहून जास्त होती. एकूण किती भरले ते मी मोजलं नाही आणि मोजणारही नाही. त्याच काळात भाडं भरलं असतं तर ते कुठे परत आलं असतं?

हां, एक आहे. पगार वाढेल हे धरून हे सगळं चालतं. माझी नोकरी सरकारी होती.

कोल्हापूर जिल्हा, प्राथमिक शिक्षक

आमचं घर गावठाणातलं. बँकेचा माणूस आला, कागद बघितले, चहा घेतला आणि गेला. शेवटी शिक्षकांच्या पतसंस्थेचं कर्ज, पगारातून कपात. दर बँकेपेक्षा जास्त, पण संस्थेचे लोक ओळखीचे, कागद चार.

त्याआधी एका खासगी वित्तसंस्थेचा माणूस घरी यायचा. 'सर, फक्त आठ टक्के, फ्लॅट.' दहा लाख, दहा वर्षं, वर्षाला ८० हजार व्याज, हप्ता १५ हजार. ऐकायला सोपं. गणिताचा शिक्षक असल्यानं रात्री बसून मांडलं. मुद्दल दर महिन्याला कमी होतंय, व्याज मात्र शेवटपर्यंत पूर्ण दहा लाखांवर. घटत्या शिलकीच्या पद्धतीनं तेच कर्ज तेरा टक्क्यांच्या वर जातं. दुसऱ्या दिवशी त्याला फळ्यावर समजावलं. तो म्हणाला, 'सर, आम्हाला ट्रेनिंगमध्ये हे शिकवत नाहीत.' मला वाटतं खरंच बोलत होता. ऑक्टोबर २०२४ पासून किरकोळ कर्जाबरोबर मुख्य माहितीचं एक पत्रक द्यावं लागतं, त्यात सगळे खर्च धरून वार्षिक दर लिहिलेला असतो. ते मागा आणि त्यावरूनच तुलना करा.

सांगली, छोटं हॉटेल

२०२० ला हप्ते थांबवायची सवलत मिळाली, मार्च ते ऑगस्ट. हॉटेल बंद, दुसरा इलाजच नव्हता, म्हणून घेतली. २८ लाख शिल्लक होते, ८.२ टक्के, सतरा वर्षं बाकी, हप्ता साडेपंचवीस हजार. सहा हप्ते भरले नाहीत. त्यांचं व्याज मुद्दलात मिळालं आणि शेपटाला वीसच्या आसपास हप्ते वाढले. सहाचे वीस! पुढे सरकारने व्याजावरच्या व्याजाचा फरक खात्यात टाकला, तो काही हजारांत. मूळ व्याज आपलं आपल्यालाच. आता दर दिवाळीला गल्ल्यातून थोडं आगाऊ भरून ती शेपूट कापतोय.

न्यू जर्सी

इथलं चित्र वेगळं आहे म्हणून लिहितो. ३० वर्षं स्थिर दर. २०२१ मध्ये चार लाख डॉलरचं कर्ज ३ टक्क्यांनी मिळालं, हप्ता १,६८६ डॉलर, तो शेवटपर्यंत तेवढाच. ठाण्याच्या ताईंसारखी मुदत ताणली जात नाही. पण हप्त्याबरोबर मालमत्ता कर आणि घराचा विमा वेगळ्या खात्यात जमा होतो, आणि न्यू जर्सीचा मालमत्ता कर देशात सर्वांत चढ्यांपैकी. माझा वर्षाला अकरा हजार डॉलर. कर्ज फिटलं तरी तो सुटत नाही. दुसरी गोष्ट, आता घर बदलणं अवघड झालंय. तेवढंच कर्ज ७ टक्क्यांनी घेतलं तर हप्ता २,६६१. मुलं मोठी झाली, खोली कमी पडते, तरी आहोत तिथेच आहोत. आई पुण्याहून फोनवर म्हणते, स्वस्तात मिळालंय ना, मग बसा गुमान.

पिंपरी

विम्याबद्दल कुणी लिहिलं नाही. ४५ लाख मंजूर झाले तेव्हा २ लाख १० हजारांचा एकरकमी विमा कर्जातच घातलेला होता, 'सक्तीचा आहे' म्हणून. सक्ती नसते, हे शाखेत लेखी मागितल्यावर तोच अधिकारी म्हणाला. विमा वाईट नाही, कर्जदाराच्या मागे घर राहायला हवंच. पण हप्त्यात मिसळला की वीस वर्षांत त्या २ लाख १० हजारांचे ४ लाख ३७ हजार होतात, आणि संरक्षण कर्जाबरोबर घटत जातं. मी तो काढायला लावून वेगळा मुदत विमा घेतला.

गेल्या वर्षी कर्ज फेडलं. शेवटचा हप्ता म्हणजे शेवट नव्हे, हेही लिहून ठेवतो. मूळ करारनामा, इंडेक्स टू (नोंदणी कार्यालयातला दस्ताचा उतारा), सोसायटीचा भाग दाखला (शेअर सर्टिफिकेट), सगळं यादीप्रमाणे तपासून घ्या. १ डिसेंबर २०२३ पासून पूर्ण फेडीनंतर ३० दिवसांत मूळ कागद परत द्यावे लागतात, त्यांच्यामुळे उशीर झाला तर दिवसाला ५ हजार रुपये भरपाई. आमच्या शाखेला या नियमाची आठवण करून दिल्यावर कागद आठवड्याभरात आले. बेबाकी दाखला (काही देणं बाकी नाही असा) घ्या, सरसाईवरचा (तारण मालमत्तांच्या केंद्रीय नोंदवहीतला) बोजा उतरला का ते बघा, आणि सोसायटीच्या दप्तरातही बँकेचं नाव असतं, ते काढायचं राहून जातं. आमचं अजून राहिलंय. सचिवांना पत्र दिलं, तर म्हणाले, पुढच्या मासिक सभेत घेऊ, पण आधी पार्किंगचा विषय आहे.